युरी युदी नावाची भूमिका

1978 साली टालिनमध्ये एका कवीच्या निवडक कवितांचं पुस्तक निघालं. कवीचं नाव युरी युदी आणि पुस्तकाचं नाव 'मी युरी युदी होतो'. हा कवी तेव्हा अवघ्या तिशीचा होता, एस्टोनियातल्या तरुण वाचकांना त्याच्या ओळी तोंडपाठ होत्या आणि टालिनच्या मोठ्या नाट्यसंस्थेत तो पगारी नट होता. दोन वर्षांनी त्याचा पुढचा संग्रह आला तो युहान वीडिंग या नावानं. हे त्याचं जन्मनाव. नवा संग्रह युरी युदीच्या नावानं त्यानं पुन्हा कधी काढला नाही.

टोपणनावं मराठी वाचकाला नवीन नाहीत. केशवसुत, कुसुमाग्रज, ग्रेस ही नावं त्या कवींनी घेतली ती कायमची. खानोलकरांनी कवितेपुरतं आरती प्रभू हे नाव वेगळं राखलं आणि शेवटपर्यंत चालवलं. वीडिंगचं तसं नाही. त्यानं एक कवी उभा केला, त्याला आवाज दिला, ढब दिली, सात वर्षं त्याच्या तोंडून बोलला आणि एके दिवशी तो प्रयोग बंद केला. युरी युदी ही एका नटानं कागदावर केलेली भूमिका होती, असं मला ठामपणे वाटतं. या पुस्तकातले लेख वाचताना वाचकानं एवढी एक गोष्ट लक्षात ठेवली, तर त्यातल्या पुष्कळ कोड्यांची उत्तरं आपोआप मिळतील.

पण आधी त्याचं घर आणि त्याचा देश.

एस्टोनियन भाषा बोलणारी माणसं जगात जेमतेम अकरा लाख. फिनिश तिची सख्खी बहीण, हंगेरियन लांबची नातेवाईक. शेजारच्या रशियन किंवा लाटव्हियन भाषेशी तिचं रक्ताचं नातं नाही. 1940 मध्ये सोव्हिएत संघानं हा देश गिळला, पुढच्या वर्षी जर्मन आले, 1944 मध्ये पुन्हा सोव्हिएत फौजा आल्या आणि त्यांचा अंमल 1991 पर्यंत टिकला. युहानचा जन्म 1 जून 1948 चा, टालिनमधला. तो वर्षाचाही झाला नव्हता तेव्हा, मार्च 1949 मध्ये, काही दिवसांच्या आत वीस हजारांहून जास्त एस्टोनियन माणसं मालगाड्यांत कोंबून सैबेरियाकडे धाडली गेली. त्यात बायका, मुलं आणि म्हातारी माणसंच बहुसंख्येनं होती.

वडील पॉल वीडिंग हेही कवी. 1938 मध्ये समीक्षक आंट्स ओरास यांनी आठ तरुण कवींचा 'आर्बुयाद' या नावाचा एक संग्रह संपादित केला होता. आर्बुयाद म्हणजे मंत्र घालणारे, शकुन सांगणारे. पॉल वीडिंग त्या आठांपैकी एक. पुढच्या दहा-बारा वर्षांत या आठजणांची काय वाताहत झाली ते पाहिलं की युहान कुठल्या हवेत वाढला हे कळतं. हाइटी टाल्विकला 1945 मध्ये अटक झाली आणि दोन वर्षांत तो सैबेरियात मेला. त्याची बायको बेट्टी आल्वेर, एस्टोनियन भाषेतल्या सर्वश्रेष्ठ कवींपैकी एक. तिला 1950 मध्ये लेखक संघातून काढून टाकलं. मग तिनं पुश्किनच्या 'येवगेनी ओनेगिन'चा अनुवाद केला. बर्नार्ड कांग्रो स्वीडनला निसटला आणि तिथून निर्वासितांचं साहित्य छापत राहिला. उकू मासिंग हा धर्मशास्त्राचा पंडित, मायदेशात राहूनही वर्षानुवर्षं टेबलाच्या खणासाठीच लिहीत राहिला. पॉल वीडिंग स्वतः वाचले, पण स्वतःची कविता मनासारखी छापण्याचे दिवस त्यांच्या वाट्याला पुन्हा आले नाहीत. 1962 मध्ये ते गेले, तेव्हा युहान चौदा वर्षांचा होता.

या बालपणाबद्दल ज्यांना जास्त जाणून घ्यायचं असेल त्यांच्यासाठी त्याची मोठी बहीण मारी टारांड हिचं 2008 मधलं पुस्तक आहे. मारी ही एस्टोनियन रेडिओवरची नावाजलेली पत्रकार. धाकट्या भावाबरोबरच्या बालपणाचं तिनं केलेलं हे चित्रण म्हणजे एका सुशिक्षित घरानं त्या काळात आपली भाषा, आपल्या चालीरीती आणि आपला विनोद कसा जपला याची नोंद आहे. भावाच्या कीर्तीचा दिवा ती मुद्दाम मंद ठेवते, आणि म्हणून ते पुस्तक मला फार मोलाचं वाटतं.

युहान नाटकाकडे गेला. टालिनच्या संगीत महाविद्यालयात वोल्देमार पान्सो यांनी 1957 मध्ये नाट्यविभाग सुरू केला होता. मॉस्कोत मारिया क्नेबेल या स्तानिस्लाव्स्कीच्या परंपरेतल्या शिक्षिकेकडे ते शिकले होते. एस्टोनियन रंगभूमीच्या पुढच्या दोन पिढ्या पान्सोंच्या हाताखालून गेल्या. शब्दाला अभिनयात काय वजन असतं, विरामात काय घडतं, एकच वाक्य पाच माणसांच्या तोंडी पाच अर्थांचं कसं होतं, हे तिथं रोज घोटलं जाई. 1972 मध्ये युहान तिथून बाहेर पडला आणि टालिनच्या ड्रामा थिएटरमध्ये रुजू झाला. 1910 मध्ये जर्मन नाटकमंडळींसाठी बांधलेली ती दगडी इमारत आजही शहराच्या मध्यावर उभी आहे. सोव्हिएत काळात संस्थेला एस्टोनियन कम्युनिस्ट पुढारी विक्टर किंगिसेपचं नाव चिकटवलेलं होतं. तिथं वीडिंगनं तेवीस वर्षं काढली, आधी नट आणि पुढे दिग्दर्शक म्हणूनही. एका नोकरीत, एका रंगमंचावर काढलेलं हे सगळं आयुष्य आहे. कवितेची सगळी पुस्तकं तालमी आणि प्रयोगांच्या मधल्या वेळेत झाली.

रंगमंचावर त्याच्या जोडीला एक माणूस कायम दिसतो, तो तोनिस रॅट्सेप. त्याच नाट्यविभागातला, नट आणि गिटारवर गाणारा. दोघांनी मिळून गाणी केली, कवितेचे कार्यक्रम केले आणि 'ओलेवुसेद' हे नाटक लिहिलं, म्हणजे 'जीव' किंवा 'प्राणिमात्र'. कविता हातात कागद धरून वाचायची नाही, तिला चाल लावायची, तिला उभं करायचं, ही सवय या जोडीमुळे त्या पिढीच्या श्रोत्यांना लागली. अर्थात पार्श्वभूमी तयार होती. 1969 मध्ये टार्टू शहरातल्या वानेमुइने थिएटरात एवाल्ड हेर्माक्युला आणि यान टूमिंग या तरुण दिग्दर्शकांनी रंगभूमीची भाषाच बदलायला घेतली होती, आणि त्यांचा कच्चा माल बहुतेकदा कविता हाच होता.

आता 1971 कडे येऊ. चार तरुणांचा एक एकत्रित संग्रह त्या वर्षी निघाला, 'नॅर्वित्र्युक'. मज्जातंतूंवरची छपाई, असं काहीसं त्याचं नाव. चौघे म्हणजे जॉनी बी. इसोटाम, टूमास लीव, योएल सांग आणि युरी युदी. यातला योएल सांग हा आउगुस्ट सांग आणि केर्स्टी मेरिलास या दांपत्याचा मुलगा, आणि ते दोघंही 1938 च्या त्या आठजणांतले! म्हणजे तेहतीस वर्षांपूर्वी ज्यांच्या आईबापांनी एकाच पुस्तकात कविता छापल्या होत्या, अशी दोन मुलं पुन्हा एका पुस्तकात शेजारी आली. त्यातल्या एकानं घराण्याचं आडनाव लावलं, दुसऱ्यानं झाकून ठेवलं. युदी म्हणजे हाडातली मज्जा. युरी हे खेड्यापाड्यांतलं साधं पुरुषी नाव. थोर घराण्याच्या मुलानं कुणालाही शोभेल असं एक नाव घेतलं, ते लपण्यासाठी नव्हतंच. हा युदी कोण हे टालिनच्या वर्तुळात सर्वांना ठाऊक होतं. वडिलांच्या नावाचं ओझं बाजूला ठेवून मोकळेपणानं वाटेल त्या आवाजात बोलता यावं, एवढीच त्यामागची गरज असावी.

आणि तो किती आवाजांत बोलला! त्याच वर्षी 'डिसेंबर', मग 1973 मध्ये 'खुशाली' अशा अर्थाचा संग्रह, 1974 मध्ये 'स्वच्छ एस्टोनियन भाषेत', 1975 मध्ये 'प्रेमपत्रं'. शीर्षकंच पाहा, सगळी रोजच्या बोलण्यातली, पत्रातली, पंचांगातली. युदीच्या कवितेत एखादा सभ्य गृहस्थ जुन्या पद्धतीच्या यमकांत, नेटक्या चार ओळींच्या कडव्यात बोलायला लागतो. छंद बडबडगीतासारखा सोपा, शब्द शाळेच्या पुस्तकातले. दुसऱ्या ओळीत वर्तमानपत्रातलं एखादं सरकारी वाक्य तसंच्या तसं येऊन बसतं. तिसऱ्या ओळीत स्वयंपाकघर, नाहीतर दवाखान्याचा व्हरांडा. आणि चौथ्या ओळीत यमक बिनचूक जुळतं, पण ज्या शब्दावर ते जुळतं तो शब्द पायाखालची फळी काढून घेतो. वाचक हसतो आणि हसता हसता गप्प होतो. बोलणारा कोण, तो गंभीर आहे की सोंग करतोय, त्याला सगळं कळतंय की काहीच कळत नाही, हे कवी सांगत नाही. ते नटानं ठरवायचं असतं.

ही शब्दांशी खेळण्याची वाट त्याच्या आधी आर्तुर आलिक्सारनं पाडली होती. श्रमछावण्या भोगून परतलेला, टार्टूत हलाखीत जगलेला हा कवी 1966 मध्ये गेला. त्याच्या कवितांचं पुस्तक दोन वर्षांनी पॉल-एरिक रुम्मोनं संपादित करून काढलं. आलिक्सार शब्दांचा पाऊस पाडतो. युदीनं तीच चलाखी घट्ट आवळलेल्या छोट्या कडव्यात बसवली. मला स्वतःला युदीची बाजू जास्त अवघड वाटते. पावसात एखादा थेंब वाया गेला तरी चालतो. चार ओळींत चालत नाही.

सेन्सॉरचं काय, हा प्रश्न इथं येतोच. खुद्द रुम्मोचा 'पाठवणाऱ्याचा पत्ता' हा संग्रह 1972 मध्ये तयार होता. तो छापायला 1989 उजाडलं. त्याच वर्षांत युदीची पुस्तकं मात्र एकामागून एक निघत होती. यावरून युदी सौम्य होता असा निष्कर्ष काढणं चूक ठरेल. रुम्मो स्वतःच्या आवाजात बोलत होता, म्हणून त्याचं बोलणं पकडता येत होतं. युदीच्या कवितेत कुणीतरी तिसराच माणूस बोलत असतो, तोही सरकारनंच शिकवलेल्या भाषेत, आणि ते बोलणं तंतोतंत खरं असल्यामुळे असह्य होतं. अशा कवितेतलं नेमकं कुठलं वाक्य खोडायचं हे खोडणाऱ्यालाही सांगता येत नाही. वाचकांना मात्र सगळं ऐकू येत होतं. वर्षानुवर्षं ओळींच्या मधलं वाचत आलेल्या समाजाचे कान विलक्षण तिखट झालेले असतात.

कान हा शब्द मी विचारपूर्वक वापरतोय. एस्टोनियन भाषेत आघात बहुधा पहिल्या अक्षरावर असतो, आणि उच्चाराच्या लांबीच्या तीन पायऱ्या असतात. आपल्याकडे ह्रस्व आणि दीर्घ दोनच; त्यांच्याकडे दीर्घाच्या पलीकडे अतिदीर्घही आहे. आणि लिहिताना दुसऱ्या आणि तिसऱ्या पायरीतला फरक पुष्कळदा दिसतच नाही. 'लिन्ना' असं अक्षरांत लिहिलेलं असेल तर त्याचा अर्थ 'शहराचा' असू शकतो किंवा 'शहरात' जाणं असू शकतो. पहिल्यात मधला 'न' लांबतो, दुसऱ्यात तो आणखी ताणला जातो, एवढाच भेद. बोलताना माणूस न चुकता निवड करतो. कागदावर निवड लोंबकळत राहते. चौदा विभक्तींच्या प्रत्ययांमुळे यमकं हाताशी मुबलक, पण दोन अर्थांच्या उंबऱ्यावर थांबलेला शब्द नेमका यमकाच्या जागी आणणं, हे युदीचं कसब. ही कविता पानावर वाचणाऱ्याला आणि रंगमंचावरून ऐकणाऱ्याला अक्षरशः वेगवेगळी भेटते. वीडिंग स्वतः म्हणायचा तेव्हा तो एक वाट धरायचा आणि दुसरीचा नाद मागे राहू द्यायचा. रेडिओच्या संग्रहात त्याच्या आवाजातल्या कविता जतन आहेत. एस्टोनियन न कळणाऱ्यानंही त्या ऐकाव्यात असं मी आग्रहानं सांगेन. तो आवाज चढवत नाही. प्रत्येक शब्द जणू पहिल्यांदाच उच्चारला जातोय इतक्या जपून, स्पष्टपणे तो बोलतो.

मग ही यशस्वी भूमिका त्यानं सोडली का? लोकांना युदी हवा होता, त्याच्या ओळी पार्ट्यांमध्ये म्हटल्या जात होत्या, त्याची नक्कल करणारे कवी निघाले होते. माझ्या मते उत्तर याच लोकप्रियतेत आहे. सोंग सगळ्यांना ओळखीचं झालं की त्यातून खरं बोलता येत नाही, आणि नटाला हे कवीपेक्षा लवकर कळतं. शिवाय काळही बदलत होता. 1978 मध्ये कार्ल वाइनो एस्टोनियन कम्युनिस्ट पक्षाचा प्रमुख झाला. तो सैबेरियात जन्मलेला, एस्टोनियन भाषा मोडकीतोडकी बोलणारा. शाळांत आणि कचेऱ्यांत रशियनचा रेटा वाढला. आपलीच भाषा आपल्या शहरात पाहुणी होते की काय, ही भीती घराघरांत शिरली.

सप्टेंबर 1980 मध्ये टालिनच्या स्टेडियमवर 'प्रोपेलर' या पंक बँडचा कार्यक्रम अधिकाऱ्यांनी अर्ध्यावर बंद पाडला. पोरं चिडली. ऑक्टोबरमध्ये शाळकरी मुलं रस्त्यावर उतरली, पोलिसांनी धरपकड केली, मारहाण झाली. 28 ऑक्टोबरला चाळीस लेखक, शास्त्रज्ञ आणि कलावंतांनी सह्या करून एक पत्र 'प्राव्दा'ला आणि टालिनच्या दोन वर्तमानपत्रांना पाठवलं. पुढाकार घेणाऱ्यांत कवी यान काप्लिन्स्की होता. पत्राची भाषा संयमी होती: मुलांच्या रागामागे खरी कारणं आहेत, एस्टोनियन माणसाला आपल्या भाषेच्या भवितव्याची काळजी वाटते, त्याबद्दल उघड बोललं पाहिजे. कुणीही ते छापलं नाही. हातानं नकला होत होत ते देशभर फिरलं. सह्या करणाऱ्यांना चौकश्यांना तोंड द्यावं लागलं, काहींच्या नोकऱ्या गेल्या. त्या चाळीस सह्यांमध्ये रुम्मो होता, रॅट्सेप होता, मारीचा नवरा आंड्रेस टारांड होता आणि युहान वीडिंगही होता. ज्या वर्षी त्यानं कवितेवर आपलं खरं नाव घातलं, त्याच वर्षी त्याच नावानं त्यानं ही सही केली. या दोन गोष्टींत कार्यकारणभाव दाखवता येणार नाही, पण त्या वेगवेगळ्या ठेवून वाचणंही मला जमत नाही.

खऱ्या नावानं आलेली कविता वेगळी आहे. 1980 मधला संग्रह, 1983 मधला 'धन्यवाद आणि कृपया' आणि मग तब्बल आठ वर्षांनी, 1991 मध्ये, 'ओसा', म्हणजे वाटा किंवा भूमिका. आता सोंग नाही. कविता लहान होत जाते, काही वेळा दोन-तीन ओळींवर येते. जुना खेळकरपणा पुरता गेलेला नाही, पण आता बोलणाऱ्याला टाळ्या नको आहेत. सभ्यता, कृतज्ञता, प्रार्थना, शब्द देणं आणि तो पाळणं हे विषय पुन्हा पुन्हा येतात. कित्येक समीक्षकांचा कल युदीकडे आहे आणि तो समजण्यासारखा आहे; तरुणपणीची ती चमक दुसऱ्या कुणाकडे नव्हती. तरी माझं मत सांगतो: उशिराचा वीडिंग हा मोठा कवी आहे. युदीला वाचकाची गरज होती. वीडिंगची कविता एकट्यानं उभी राहते.

1987 पासून एस्टोनियात जे घडलं ते जगाला 'गाणाऱ्या क्रांती'च्या नावानं ठाऊक आहे. 20 ऑगस्ट 1991 रोजी देश पुन्हा स्वतंत्र झाला. लेखक आणि रंगकर्मी संसदेत गेले, मंत्री झाले. वीडिंगचा मेहुणा आंड्रेस टारांड नोव्हेंबर 1994 मध्ये पंतप्रधान झाला. वीडिंग रंगभूमीवरच राहिला. ज्या भाषेत ओळींच्या मधल्या जागेला एवढं मोल होतं, तिथं आता सगळं मोठ्यानं बोलता येत होतं, छापता येत होतं आणि विकताही येत होतं. 21 फेब्रुवारी 1995 रोजी टालिनमध्ये त्यानं स्वतःचं आयुष्य संपवलं. तो सेहेचाळीस वर्षांचा होता.

इथं वाचकांना माझी एक कळकळीची विनंती आहे. त्याच्यावर लिहिताना पुष्कळांनी त्या फेब्रुवारीपासून उलट चालत जाऊन प्रत्येक कवितेत मृत्यूची चाहूल शोधली आहे. त्याच्या कवितेत मृत्यू आहे, पहिल्या पुस्तकापासून आहे. पण तिथं लग्नंही आहेत, नातेवाईक आहेत, जेवणाची टेबलं आहेत, खट्याळ मुलं आहेत, आणि सगळ्यात जास्त आहे ती अचूक शब्द सापडल्याची उघड खुशी. 1974 मध्ये सव्वीस वर्षांच्या पोरानं लिहिलेली कविता 1995 ची आगाऊ सूचना म्हणून वाचली, तर ती कविता हातची जाते आणि मृत्यूबद्दलही काही कळत नाही. या पुस्तकातल्या लेखांचा क्रम पुस्तकांच्या प्रकाशनवर्षांप्रमाणे ठेवला आहे, त्याचं हेच कारण.

अनुवादाबद्दल दोन शब्द. अशा कवितेचा अर्थ दुसऱ्या भाषेत नेता येतो, यमक नेता येतं, पण दोन्ही एकाच वेळी नेताना हात मोडतात. म्हणून पुढच्या पानांत त्याच्या कवितांची मराठी रूपं दिलेली नाहीत. कविता कशी चालते, कुठे वळते, कुणाच्या तोंडी शोभते, याचं वर्णन दिलं आहे. ज्यांना मूळ गाठायचं असेल त्यांच्यासाठी कवी आणि समीक्षक हासो क्रुल यानं 1998 मध्ये संपादित केलेल्या समग्र कविता आहेत. युरी युदी आणि युहान वीडिंग तिथं पहिल्यांदा एका बांधणीत आले.

त्याची मुलगी एलो हीसुद्धा कवयित्री. 1990 मध्ये, सोळाव्या वर्षी तिचा पहिला संग्रह आला, तोही टोपणनावानं: एलो वे. काही वर्षांनी तिनंही ते नाव सोडलं आणि वीडिंग हे आडनाव लावून लिहू लागली. तिची कविता वडिलांच्या वाटेनं गेली नाही. ती लांब, गद्याकडे झुकणारी, घरातल्या आणि समाजातल्या बाईच्या कोंडीवर थेट बोट ठेवणारी आहे. आजोबा पॉल, वडील युहान आणि एलो या तीन पिढ्यांच्या कवितेवर मराठीत स्वतंत्र पुस्तक व्हायला हवं. या पुस्तकात एलोसाठी शेवटचं एक प्रकरण ठेवलं आहे, आणि ते तिच्या कवितेबद्दल आहे, तिच्या वडिलांबद्दल नाही.